आत येऊ का?



फिलिपाईन्सच्या पूर्वेला, भर प्रशांत महासागरात ग्वाम नावाचे बेट आहे. मारियाना बेटांमधले ते सर्वांत मोठे, तरीही क्षेत्रफळ जेमतेम 540 चौरस किलोमीटर. उत्तरेची जमीन चुनखडीची असल्याने पडलेला पाऊस तिच्यातच मुरतो, नदी अशी वाहत नाही. दक्षिणेला मात्र जुन्या ज्वालामुखींचे डोंगर आहेत आणि नद्याही आहेत. त्यांपैकी तालोफोफो आणि तिला मिळणारी उगुम या नद्यांतून पर्यटकांना नावेने आत रानात नेतात. काठाला नारळ, नीरफणस आणि दाट झाडी. वाट दाखवायला चामोरो समाजाचा माणूस असतो. चामोरो हे या बेटाचे मूळ रहिवासी. सुमारे साडेतीन हजार वर्षांपूर्वी त्यांचे पूर्वज होड्यांतून येथे आले.

चामोरो रीत अशी की, रानात पाऊल टाकण्याआधी थांबायचे आणि परवानगी मागायची. ‘ग्वेला यान ग्वेलो’ अशी हाक मारायची, म्हणजे आजी आणि आजोबा. मग, आम्हाला क्षमा करा, तुमच्या जमिनीतून जाऊ द्या, अशी विनंती करायची. पुढे एक गोड भर असते: तुम्ही आमच्याकडे याल तेव्हा मात्र न विचारता या. हे आजी-आजोबा म्हणजे पूर्वी होऊन गेलेली माणसे, त्या रानात ज्यांची घरे होती आणि ज्यांची हाडे अजून त्याच मातीत आहेत. ही रीत पाहुण्यांनाही शिकवतात आणि त्यांनाही ती पाळायला सांगतात.

आपल्या मनात लगेच दोन प्रश्न येतील. पहिला, हे ख्रिस्ती माणसाला चालते का? कारण चामोरो लोक बहुसंख्येने आपल्यासारखेच कॅथलिक आहेत. गावोगावी आश्रयदात्या संताचा सण, घरोघरी नोव्हेना, मोठ्यांचा हात नाकाशी नेऊन आशीर्वाद घेण्याची पद्धत, हे सारे तेथे आहे. आम्हाला हा प्रश्न तितका अवघड वाटत नाही. दोन नोव्हेंबरला आपण कबरस्तानात जातो, मेणबत्ती लावतो, आजीशी दोन शब्द बोलतो. त्याला कोणी मूर्तिपूजा म्हणत नाही. न विचारता गेलो तर अंगाला सूज येईल, दुखणे लागेल अशी भीती काहींच्या मनात असते. ती भीती म्हणजे श्रद्धा नव्हे, हे आम्ही तेथेही सांगितले असते. पण आदर वेगळा आणि भीती वेगळी.

दुसरा प्रश्न अवघड आहे. पाहुण्याने तिकीट काढलेले असते. तो आत जाणारच आहे. आजी-आजोबा नको म्हणाले तरी नाव परत फिरणार नाही. मग ही परवानगी खरी कशी? पैसे मोजून आलेल्याने ‘येऊ का’ म्हणणे हा खेळच नव्हे का?

उत्तराची घाई न करता आधी त्या रानात काय आहे ते पाहू.

तेथे दगडी खांब उभे आहेत. त्यांना लात्ते म्हणतात. खाली उभा खांब, त्यावर अर्ध्या चेंडूसारखा दगड, गोल बाजू खाली. अशा खांबांच्या दोन रांगांवर लाकडी घर उभे राहत असे आणि घरातले मेले की त्यांना त्याच घराच्या आसपास पुरत. आजी-आजोबा म्हणून हाक मारतात ती याच माणसांना. पर्यटकांना नारळाच्या झावळ्या विणून दाखवतात, लाकडावर लाकूड घासून विस्तव पेटवून दाखवतात, ‘पागो’ नावाच्या झाडाच्या सालीचा दोर वळून दाखवतात. या पागोची एक आठवण आहे. शोइची योकोई नावाचा जपानी सैनिक युद्ध संपल्यावरही तालोफोफोच्या रानात लपून राहिला. तो मूळचा शिंपी. कपडे फाटल्यावर त्याने पागोच्या सालीचे तंतू काढून कापड विणले आणि अंगरखे शिवले. 24 जानेवारी 1972 ला नदीकाठी तो दोन स्थानिक माणसांना सापडला. 1941 ते 1944 या काळात जपानी सैन्याने बेटावर फार जुलूम केला होता. जेझूस बाझा दुएन्यास या चामोरो धर्मगुरूंचा 12 जुलै 1944 ला शिरच्छेद केला होता. तरीही त्या दोघांनी योकोईला मारले नाही, अधिकाऱ्यांच्या हवाली केले.

आणखी एक गोष्ट तेथे कानाला जाणवते. रान हिरवेगार आहे, पण पक्ष्यांचा आवाज जवळजवळ नाही. दुसऱ्या महायुद्धानंतर लष्करी मालातून लपत तपकिरी रंगाचा एक वृक्षसर्प बेटावर पोहोचला. तेथील पक्ष्यांनी असा शत्रू कधी पाहिला नव्हता. रानातल्या मूळच्या 12 जातींपैकी 10 जाती तेथून नाहीशा झाल्या. पक्षी गेले तसे कोळी वाढले आणि फळांच्या बिया दूर नेणारे कोणी उरले नाही. सिहेक नावाचा तेथला खंड्या 1980 च्या दशकात शेवटचे काही जीव पकडून प्राणिसंग्रहालयात ठेवले म्हणून वाचला. 2024 मध्ये त्यांच्या वंशातले 9 पक्षी सोडले, तेही ग्वामवर नव्हे, हजारो किलोमीटर दूरच्या पाल्मायरा बेटावर, कारण ग्वामवर साप अजून आहेच.

सापाला विचारून येण्याची अक्कल नसते. माणसांना असते. 6 मार्च 1521 ला मॅगेलनची गलबते या बेटांशी आली. आलेल्याने काही द्यावे, काही घ्यावे ही तेथली रीत. बेटावरच्या लोकांनी एक लहान होडी नेली. मॅगेलनने किनाऱ्यावर उतरून 40-50 घरे जाळली, सात माणसे मारली आणि या बेटांना ‘चोरांची बेटे’ असे नाव देऊन तो निघून गेला.

1668 मध्ये येशूसंघीय फादर दिएगो लुइस दे सान व्हितोरेस आले, तेव्हाची गोष्ट वेगळी होती. हगात्न्या गावाचा प्रमुख केपुहा याने त्यांचे स्वागत केले आणि मंदिरासाठी जागा दिली. परवानगी होती. आम्हाला वाटते, येथेच विचार करण्याजोगे काहीतरी आहे. उंबऱ्यावर ‘या’ म्हटले म्हणजे घरातल्या प्रत्येक खोलीची किल्ली दिली असे होत नाही. मिशनबरोबर सैनिकही होते. वाद झाले, रक्त सांडले. 2 एप्रिल 1672 ला तुमोन येथे मातापांग नावाच्या माणसाच्या तान्ह्या मुलीला फादरांनी स्नानसंस्कार दिला. बापाने आधीच नकार दिला होता आणि संस्कार झाला तेव्हा तो घरी नव्हता. आईची संमती होती असे काही वृत्तांत सांगतात. बापाची नव्हती, याबद्दल वाद नाही. परत आल्यावर मातापांग आणि त्याचा साथीदार हिराओ यांनी फादरांना आणि त्यांच्या सोबतचा तरुण धर्मशिक्षक पेद्रो कालुंगसोद याला ठार केले. स्नानसंस्काराच्या पाण्याने मुले मरतात अशी अफवा त्या काळी पसरली होती. ते पाणी म्हणजे विष, असा समज झालेल्या बापाच्या मनात काय आले असेल, हे आपल्यातल्या बापांनी एकदा स्वतःला विचारावे.

सेमिनरीत आम्हाला संत थॉमस अक्वायनस शिकवले. त्यांनी चारशे वर्षे आधी हाच प्रश्न घेतला होता: अख्रिस्ती आईबापांच्या मुलाला त्यांच्या इच्छेविरुद्ध स्नानसंस्कार द्यावा का? त्यांचे उत्तर, नाही. मुलाला स्वतःची समज येईपर्यंत निसर्गानेच ते आईबापांच्या स्वाधीन केले आहे; त्यांना डावलणे हे नैसर्गिक न्यायाच्या विरुद्ध आहे. लक्षात घ्या, स्नानसंस्काराविना तारण नाही अशी ज्यांची पक्की श्रद्धा होती, त्यांनी हे लिहिले. आजच्या धर्मसंहितेचे 868 वे कलमही निदान एका पालकाची संमती मागते. मरणाच्या दारातल्या बालकापुरता अपवाद आहे. आईची संमती धरली तर कायद्याने फादरांची बाजू लंगडी नाही. पण बाप बाहेर गेला असताना त्याच्या घरातले काम उरकून घ्यावे, इतकी घाई प्रेमाला असते का? आम्ही हे जपून लिहितो, कारण त्या माणसाने आपले प्राण दिले आणि आम्ही येथे पंख्याखाली बसून लिहीत आहोत.

त्यानंतरची वीस-बावीस वर्षे लढायांची गेली. लढाया, रोगराई आणि वादळे यांनी लोक कमी होत गेले. 1710 च्या गणनेत चामोरो चार हजारांच्या आत उरले. विखुरलेल्या वस्त्या उठवून लोकांना मंदिराभोवतीच्या गावांत आणून बसवले. पर्यटक पाहतात ते लात्तेचे खांब ओसाड का, याचे बरेचसे उत्तर यात आहे. आम्ही वसईकर हे परके म्हणून वाचू शकत नाही. तेथे स्पेनच्या राज्याबरोबर श्रद्धा आली, आपल्याकडे पोर्तुगालच्या. ती आज आपली आहे, त्यांचीही आहे, आणि कोणी ती परत देणार नाही. पण ती आपल्या घरात कशी शिरली, हे विचारण्याने श्रद्धा कमी होत नाही. पोप जॉन पॉल दुसरे यांनी 5 मार्च 2000 या रविवारी कालुंगसोदला धन्यवादित घोषित केले (2012 मध्ये तो संत झाला) आणि पुढच्याच रविवारी, 12 मार्चला, ख्रिस्तसभेच्या लेकरांनी इतर लोकांच्या संस्कृतींचा व धर्मांचा जो अनादर केला त्याबद्दल परमेश्वराकडे जाहीर क्षमा मागितली. रक्तसाक्ष्याचा मान राखायचा आणि त्याच आठवड्यात क्षमाही मागायची, हे त्यांना विसंगत वाटले नाही.

आता तिकिटाकडे वळू. आम्हालाही आधी तो खेळच वाटला होता. पण ही रीत शिकवणाऱ्याचा विचार करा. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकन नौदलाच्या कारभारात शाळेत चामोरो बोलायला बंदी होती. ती भाषा इंग्रजीबरोबर राजभाषा झाली 1974 मध्ये. तोवर अनेक घरांत ती आजीपाशीच थांबली होती. बेटाची एक चतुर्थांशाहून अधिक जमीन आजही अमेरिकन लष्कराकडे आहे. युद्धानंतर ज्या कुटुंबांच्या जमिनी गेल्या, त्यांना स्वतःच्या पूर्वजांच्या जागेत जायला फाटकावर परवाना दाखवावा लागतो. अशा समाजातला माणूस परदेशी पाहुण्याला थांबवतो आणि म्हणतो, आत जाण्याआधी विचारायचे असते. पाहुण्याच्या मनात आदर असो वा नसो, तो थांबतो. आपणही मिस्साला दर रविवारी क्षमेचे शब्द म्हणतो. सगळ्यांच्या मनात ते प्रत्येक वेळी असतात असे आम्ही धर्मगुरूही छातीवर हात ठेवून सांगणार नाही. तरी कोणी सुज्ञ माणूस म्हणत नाही की ते शब्द काढून टाका. शब्द तेथे राहिले, तर एखाद्या रविवारी मन त्यांच्यापर्यंत पोहोचते.

मात्र नावेतून उतरल्यावर पाहुण्याने, आपण चामोरो संस्कृती पाहिली, असे म्हणू नये. त्याने विस्तव पेटताना पाहिला, दोर पाहिला. ज्या जमिनीसाठी ते लोक आज कोर्टकचेऱ्या करतात, ती त्याने पाहिलेली नाही. सहलीच्या दोन-तीन तासांत ती दिसतही नाही. आपल्यापैकी जे परदेशी नोकरीला किंवा सहलीला जातात, त्यांनी तेथल्या माणसाला, हे गाव कोणाचे, एवढे विचारले तरी आम्हाला आनंद होईल.

तुमोनला आज हॉटेलांची रांग आहे. तेथल्या मुख्य रस्त्याला ‘पाले सान व्हितोरेस’ हे नाव आहे. पाले म्हणजे फादर. त्याच तुमोनमध्ये समुद्राकाठी एक सार्वजनिक बाग आहे, तिला मातापांगचे नाव आहे. बागेकडे जायचे तर फादरांच्या रस्त्यावरूनच वळावे लागते.