वेशीबाहेर

गावाचा इतिहास आपण बहुधा आलेल्यांचा लिहितो. कोणत्या कुळाने रान मोडले, तळे कोणी बांधले, देव कोणी बसवला, याचीच नोंद होते. तिरोडीचा विचार करू लागलो की मला वाटते, काही गावांची खरी बखर त्यांच्या वेशीबाहेर काय गेले यातच शोधावी लागते.

आलेल्यांची गोष्ट इथेही आहेच. बालाघाट जिल्ह्याच्या नैर्ऋत्य टोकाचा, भंडाऱ्याच्या तुमसर तालुक्याला खेटून असलेला हा मुलूख मुळात गोंडांचा. पुढे वैनगंगेच्या खोऱ्यात पोवार आले, त्यांनी धानाच्या बांध्या घातल्या, पाण्याच्या बोड्या राखल्या, आणि धानाने माणसाला एका जागी थांबून पावसाची वाट पाहायला शिकवले. नागपूरकर भोसल्यांचा अंमल आला आणि सरला. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची नवी मांडणी झाली, तेव्हा मध्य प्रदेशातले आठ मराठी जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि बालाघाट मागे राहिला. पण नकाशावरची रेघ ओसरीपर्यंत पोचतेच असे नाही. आजी पोवारीत रागावते, सून मराठीत समजूत घालते, नातू हिंदीत धडा घोकतो, आणि तिघांनाही आपण सीमेवर राहतो असे कधी वाटत नाही.

या साऱ्या माणसांच्या पायाखाली एक फार जुना काळ निजलेला होता. कधीकाळच्या समुद्रतळावर साचलेला मँगनीजचा गाळ भूगर्भातल्या दाबाने आणि उष्णतेने खडक झाला. त्या उलथापालथीला आता शंभर कोटी वर्षे होत आली. विसाव्या शतकाच्या आरंभी या काळ्या, जड दगडाला जगाच्या पोलादभट्ट्यांकडून मागणी आली, आणि त्या शतकाने तो काळ फोडून वाघिणीत भरला. तुमसरहून आलेला लोहमार्ग तिरोडीपाशी संपत असे; अलीकडे तो कटंगीपर्यंत पुढे गेला. गाडी जिथे संपते तिथे पोचणे सोपे असते; तिथून काही नेणे त्याहून सोपे.

खाणकाठच्या एका कामाचे मला फार अप्रूप वाटते. फोडलेल्या दगडांच्या ढिगाशी बसून बाया हातोडीने एकेक तुकडा ठोकत, तो हातात तोलत, आणि वजनावरून, चकाकीवरून कसदार खनिज घमेल्यात टाकून निकस दगड दूर भिरकावत. बोटांच्या पेरांत काळी भुकटी मुरलेली असे. प्रयोगशाळेतल्या तराजूच्या फार आधी तिरोडीची प्रतवारी या तळहातांनी केली. पण तळहातांचे ज्ञान कुणाच्या नावे लागत नाही.

नावे लागली ती निराळ्या रीतीने. फर्मोर या भूशास्त्रज्ञाने गोंडांवरून एका खडकाला गोंडाइट म्हटले. १९३८ मध्ये इथे सापडलेल्या एका खनिजाला तिरोडाइट हे नाव मिळाले, आणि ज्या गावाचे नाव शेजारच्या जिल्ह्यापलीकडे क्वचितच कुणी ऐकले असेल, ते जगाच्या संग्रहालयांतील चिठ्ठ्यांवर चढले. पुढे खनिजांची नामव्यवस्था बदलली आणि ते नावही बाजूला पडले. खनिजाची गतही अशीच असते: मँगनीज पोलादाला चिवटपणा देते आणि त्यात विरून जाते, पुलावरून जाणाऱ्याला त्याची आठवण होण्याचे कारण नसते. खाणीची मालकीही बदलत गेली. १८९६ च्या विलायती सिंडिकेटपासून १९७७ मध्ये पूर्णपणे सरकारी झालेल्या, नागपुरात मुख्यालय असलेल्या कंपनीपर्यंत मालक पालटले. दगडाची दिशा तेवढी तीच राहिली, बाहेरची.

आणि तरीही बाहेर धाडण्याची गावाची स्वतःची एक रीत आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे या मुलखात मारबत नावाची प्रतिमा काढतात, कुठे तिला नारबोद म्हणतात. रोगराई, किडामुंगी, वर्षभराची इडापिडा तिच्या माथी मारून, आरडाओरड करत तिला शिवेपार नेऊन टाकतात. मग दिवाळी सरते आणि गावोगावी मंडईची जत्रा भरते. लेकीजावई येतात, गेलेले कामकरी परततात, रात्रभर दंडारीचे नाट्य रंगते. भाद्रपदात गाव नकोसे ते बाहेर घालवते आणि कार्तिकात हवेसे ते आत बोलावते.

खनिज नेणाऱ्यांनी गावाला विचारले नव्हते; मारबत नेताना गाव स्वतःलाच विचारते. समाजजीवन म्हणतात ते मला अखेर इथेच सापडते: काय जाऊ द्यायचे आणि कुणाला परत आणायचे, हे दहा जणांनी मिळून ठरवण्यात. वर्षातले दोन-चार दिवस हा अधिकार गावाच्या हाती असतो. उरलेल्या दिवसांत तो कुणाकडे असतो, हे भूमीच्या पोटात काही मौल्यवान असलेल्या प्रत्येक वस्तीने विचारावे, आणि त्या वस्तीच्या पोलादावर घरे बांधणाऱ्या आपणही.