प्रेक्षक कीं यात्रेकरू?

घर सोडून दूर जावें आणि कांहीं पाहून परत यावें, या इच्छेला आपल्याकडे दोन नांवें आहेत. एक यात्रा आणि दुसरें प्रवास. यात्रेकरू जेथें जातो तेथें त्याला कोणाला तरी भेटावयाचें असतें. प्रवासी जेथें जातो तेथें त्याला कांहीं तरी पाहावयाचें असतें. यात्रेकरूला माहिती थोडी असली तरी चालते, पण भाव नसून चालत नाहीं. प्रवाशाला माहिती मिळाली नाहीं तर पैसे फुकट गेल्यासारखें वाटतें, पण भावावांचून त्याचें कांहीं अडत नाहीं. रोम शहरांत हे दोघे एकाच रांगेंत तिकिटें काढतात व एकाच फरशीवरून चालतात. म्हणून ज्याच्या ठिकाणीं त्या धर्माचा भाव नाहीं, परंतु इतिहासाची थोडीबहुत माहिती आहे, अशा मनुष्यानें त्या अवशेषांपुढें कोणत्या वृत्तीनें उभें राहावें, हा प्रश्न रोममध्यें जसा टोचतो तसा अन्यत्र क्वचितच टोचत असेल. मला तो ज्या प्रसंगानें टोचला तो प्रथम सांगतों.

गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत पत्नीसह रोमला जाण्याचा योग आला. अनेक वर्षें वर्गांत ज्या साम्राज्याचा उदय आणि अस्त शिकविला, तें निदान दगडांच्या रूपानें तरी डोळ्यांनीं पाहावयास मिळणार, म्हणून मी बरीच तयारी करून गेलों होतों. कोलोसियमच्या वरच्या मजल्यावर आम्ही कठड्याशीं उभीं होतों. रिंगणाची जुनी जमीन आतां नाहीं. त्यामुळें तिच्या पोटांतील भिंती, श्वापदांना कोंडण्याच्या जागा व त्यांना वर चढविण्याचे मार्ग उघडे पडले आहेत. रिंगणाच्या कडेला एक साधा क्रूस आहे. तो दिसतांच आमच्या शेजारच्या एका वृद्ध बाईनें छातीवर क्रूसाची खूण केली, आणि तिचें पाहून माझ्या पत्नीनेंही सहज हात जोडले.

मला तें खटकलें. हात जोडले याचें वाईट वाटलें नाहीं. चुकीच्या समजुतीनें जोडले, याचें वाटलें. मीं तत्काळ व्याख्यान सुरू केलें. "येथें ख्रिस्ती हुतात्म्यांना सिंहांपुढें टाकीत, असें सगळे म्हणतात खरें, पण या इमारतींत तसें घडल्याचा विश्वसनीय पुरावा नाहीं."

"पण इथं माणसं मेली ना?" तिनें विचारलें.

"माणसें तर पुष्कळच मेलीं."

"मग झालं. अहो, आपल्या गावच्या वेशीवरचा वीरगळ कुणाचा, हे तरी कुणाला ठाऊक आहे? म्हणून काय त्याला कुणी पाय लावून जातं?"

मला त्या वेळीं उत्तर सुचलें नाहीं, आणि ज्याचें आयुष्य उत्तरें सांगण्यांत गेलें त्याला हें फार अवघड जातें.

माझ्या म्हणण्यांत चूक नव्हती. व्हेस्पेशियन बादशहानें हें प्रेक्षागार बांधावयास घेतलें आणि त्याचा पुत्र टायटस यानें इ. स. ८० मध्यें शंभर दिवसांचे खेळ करून तें लोकांना खुलें केलें. रोममध्यें ख्रिस्ती लोकांचा छळ झाला, हें निर्विवाद आहे. इ. स. ६४ च्या आगीनंतर नीरोनें त्यांना कसे हाल हाल करून मारलें, तें टॅसिटसनें लिहून ठेविलें आहे. पण त्या वेळीं कोलोसियम जन्मासच आलें नव्हतें. पुढील काळांतील हुतात्म्यांच्या ज्या कथा या जागेशीं जोडल्या जातात त्यांना भक्कम आधार सांपडत नाहीं. आणि हें परखडपणें मांडणारा डेलेहाये हा पंडित कोणी धर्मद्वेष्टा नव्हता, तर स्वतः जेझुइट पाद्री होता. आपल्याच संप्रदायाच्या आवडत्या कथेला पुरावा विचारण्यास लागणारें धैर्य कमी प्रतीचें असतें असें मला वाटत नाहीं. ज्या आदराचा पाया हकीकतीवर, तो हकीकत ढासळली कीं ढासळणार. म्हणून पाया तपासून घ्यावा, हेंच प्रामाणिकपणाचें. एवढ्यापुरतें मी आजही माझें म्हणणें सोडावयास तयार नाहीं.

यावर भाविकांच्या बाजूनें एक उत्तर देण्यांत येतें. समजूत चुकीची असेल, पण ती उपकारक आहे, असें तें उत्तर आहे. आणि रोममध्यें त्याला दाखलेही भरपूर मिळतात. कोलोसियमचे दगड लोकांनीं शतकानुशतकें वाहून नेले. सेंट पीटरच्या भव्य मंदिरालाही ते लागले. पुढें अठराव्या शतकाच्या मध्यास चौदाव्या बेनेडिक्ट पोपनें ती जागा हुतात्म्यांच्या रक्तानें पावन झालेली मानून ख्रिस्ताच्या यातनांच्या स्मृतीस वाहिली. १७५० सालीं तेथें क्रूसमार्गाचीं स्थानें उभीं राहिलीं, आणि खाण म्हणून जिचा उपयोग होत होता ती इमारत देवस्थान झाली. मार्कस ऑरेलियसच्या अश्वारूढ ब्राँझ पुतळ्याची कथा तर याहून मौजेची आहे. मध्ययुगांतील लोकांनीं तो पहिला ख्रिस्ती बादशहा कॉन्स्टंटाइन याचा पुतळा समजून जपला. ओळख पटली असती तर इतर बादशहांच्या पुतळ्यांबरोबर तोही बहुधा भट्टींत गेला असता. पँथिऑनचा घुमट आज शाबूत आहे याचें एक मोठें कारण हें कीं, ६०९ सालीं त्या देवालयाचें चर्च झालें. सारांश, पंडितांच्या हातीं असतें तर जें राहिलें नसतें, तें भाबड्यांच्या हातून राहिलें.

युक्तिवाद आकर्षक आहे, पण मला तो पटत नाहीं. एक तर तो अर्धा आहे. कोलोसियमचे दगड नेणारेही भाविकच होते. जुन्या देवळांचे खांब उपसून नवीं चर्चें बांधणाऱ्यांच्या श्रद्धेंत कांहीं उणें नव्हतें. ज्या हातांनीं राखलें त्याच हातांनीं मोडलें. दुसरें असें कीं, उपयोग झाला एवढ्यावरून असत्याला मान द्यावयाचा ठरविलें, तर कोणती थाप अमान्य करितां येईल? जगांत फार मोठीं दुष्कृत्यें करणाऱ्यांनींही आपल्या कथांचा उपयोग दाखवूनच दिला आहे.

शिवाय माझ्या पत्नीनें हा युक्तिवाद केलाच नव्हता. समजूत खोटी असली तरी चांगली, असें ती म्हणाली नाहीं. तिनें माझें म्हणणें निमूटपणें मान्य केलें आणि मग, त्यानें काय फरक पडतो, एवढेंच विचारलें. प्रश्न तिनें दंतकथेवरून उचलून माझ्यावर आणून ठेविला होता.

आणि तेथें कठड्याशीं उभा असतां एक साधी गोष्ट माझ्या ध्यानांत आली. मी उभा होतों ती प्रेक्षकांची जागा होती. पन्नास हजारांच्या आसपास लोक येथें बसत, असा अंदाज आहे. ते सारे राक्षस नव्हते. घरीं मुलांना खेळविणारे, देवाला फूल वाहणारे, शेजाऱ्याच्या दुखण्याला धांवून जाणारे असे ते चारचौघांसारखे लोक होते. सेनेका हा तत्त्वज्ञ कोलोसियमच्या पूर्वींचा. पण अशाच एका खेळाला दुपारीं जाऊन आल्यावर, आपण गेलों त्याहून अधिक निर्दय होऊन परतलों, अशा अर्थाचें त्यानें मित्राला लिहिलें आहे. सेंट ऑगस्टाइन आपल्या आत्मवृत्तांत आलिपियस नांवाच्या मित्राची हकीकत सांगतो. त्याला सोबत्यांनीं ओढून नेलें, तेव्हां त्यानें डोळे घट्ट मिटून घेतले. परंतु लोकांची एक आरोळी कानीं पडली, कुतूहलानें डोळे उघडले, आणि मग ते त्या रक्तावरून हलेनात. सेनेकानें लिहून ठेविलें त्याची सत्यता आलिपियसला अशी अनुभवानें कळली.

मार्कस ऑरेलियसचें उदाहरण मला अधिक झोंबलें, कारण तें विद्वानाचें आहे. त्याला या खेळांचा कंटाळा होता, हें त्याच्या चिंतनाच्या टिपणांवरून दिसतें. तरीही त्याच्याच राज्यांत, १७७ सालीं, गॉल देशांतील ल्यों येथें ख्रिस्ती लोकांना प्रेक्षकांसमोर श्वापदांच्या तोंडीं देण्यांत आलें. ज्ञान होतें, नावडही होती. पण समोर मरणारा मनुष्य आपला कोणी लागतो, हें त्या ज्ञानांत कोठें तरी विसरलें होतें. मी तरी काय करीत होतों? कमानींचे मजले मोजीत होतों, सनावळी आठवीत होतों, आणि जेथें माणसें मारलीं त्या जागेकडे उंचावरून पाहात बरोबर माहिती सांगत होतों. आजूबाजूस कोणी हंसत छायाचित्रें काढीत होते. २०२३ सालीं तर एका प्रवाशानें येथील भिंतीवर आपलें व आपल्या वाग्दत्त वधूचें नांव किल्लीनें कोरलें, तेव्हां जगभर ओरड झाली. आपल्या किल्ल्यांच्या तटांवर हा उद्योग चालतोच. त्याला आपण अडाणी म्हणतों. पण त्याची माझी वृत्ति मूळांत किती वेगळी होती? मेलेल्यांच्या जागेवर त्यानें आपलें नांव कोरलें, मीं आपलें ज्ञान कोरलें.

मग ज्ञान टाकून द्यावें काय? मुळींच नाहीं, तें पुरतें वापरावें. इतिहास नीट विचारला तर तो काय सांगतो? येथें जे मेले त्यांत युद्धांत धरून आणलेले कैदी होते, विकत घेतलेले गुलाम होते, देहदंड झालेले गुन्हेगार होते. टायटसच्या त्या पहिल्या उत्सवांत नऊ हजार जनावरें मारलीं गेलीं, असें डिओ कॅशियस लिहितो. या इमारतीचा खर्च युद्धांतील लुटींतून झाला, असें तेथील एका शिलालेखाच्या वाचनावरून मानतात. आणि या बापलेकांचें मोठें युद्ध म्हणजे ज्यू लोकांशीं झालेलें, ज्यांत ७० सालीं जेरुसलेमचें मंदिर जाळलें गेलें. जवळच टायटसच्या नांवाची कमान उभी आहे. तिच्या आंतल्या बाजूस त्या मंदिरांतील सात शाखांची समई खांद्यांवर घेऊन विजयानें चाललेले सैनिक कोरले आहेत. त्या कमानीखालून ज्यू मनुष्यानें जाऊं नये, अशी रोममधील ज्यूंची जुनी परंपरा होती.

क्रूस पाहून केवळ आपल्या हुतात्म्यांसाठीं हात जोडणाऱ्याला यांतील कोणीच दिसत नाहीं. दंतकथेचा मोठा दोष मला आतां येथें दिसतो. पुराव्याला ती उतरत नाहीं हें आहेच. पण त्याहून, ती फार थोड्यांसाठीं रडते. तिनें सारे अश्रू आपल्या माणसांकरितां राखून ठेविले आहेत. ते अश्रू पुसणें हें इतिहासाचें काम नव्हे. त्यांना आणखी वाटा काढून देणें हें त्याचें काम आहे. कोणा धर्माच्या हुतात्म्याबरोबर ज्याचें नांव कोणीं लिहिलें नाहीं असा गुलाम आणि ज्याला खरोखरच अपराधाची शिक्षा झाली असा चोरही आपल्या आदरांत येऊं शकला, तरच पुरावा तपासण्याच्या श्रमाचें चीज झालें. वीरगळाला कोणी नांव विचारीत नाहीं, असें माझी पत्नी म्हणाली त्याचा अर्थ मला असा लागला. १९९९ सालीं रोमकरांनीं एक प्रथा सुरू केली. जगांत कोठें देहदंडाची शिक्षा कायद्यांतून गेली किंवा कोणा कैद्याची फांशी टळली, कीं कोलोसियमवर सोनेरी प्रकाश पाडावयाचा. या प्रथेला कोणत्याही दंतकथेची गरज नाहीं. तेथें माणसें मारलीं गेलीं, एवढें एकच सत्य तिला पुरतें.

दुसऱ्या दिवशीं आम्ही आपियन मार्गावरील सेंट कॅलिक्स्टसचे कॅटॅकोम्ब पाहण्यास गेलों. छळाच्या काळांत ख्रिस्ती लोक येथें लपून राहात, असें अजून ऐकूं येतें. तेंही खरें नव्हे. ती दफनभूमि होती, आणि सरकारला ती ठाऊक होती. मऊ दगडांत खोदलेले अरुंद बोळ, आणि दोन्ही भिंतींत फडताळाच्या खणांसारखीं एकावर एक थडगीं. डी रोसी या संशोधकानें १८५४ मध्यें येथें तिसऱ्या शतकांतील पोपांची दफनाची खोली शोधून काढली. वाटाड्या तिच्याविषयीं अभिमानानें सांगत होता आणि मंडळी त्याच्या मागोमाग पुढें चालली होती. मी मागें राहिलों, कारण कोपऱ्यावरच्या एका खणानें माझी दृष्टि धरून ठेविली. तो जेमतेम हातभर लांब होता. लपून राहण्याच्या कथेंत साहस आहे. खऱ्या हकीकतींत एक लहान मूल मेलें आहे, आणि त्याला त्याच्या मापाची जागा करून दिली आहे, एवढेंच. दफनभूमीला त्या लोकांनीं जें ग्रीक नांव दिलें त्याचा मूळ अर्थ 'निजण्याची जागा' असा आहे. हें मी कितीदां तरी वाचलें होतें आणि वर्गांत सांगितलेंही होतें. त्या दिवशीं तें मला प्रथमच समजलें.

मी त्या धर्माचा नव्हे, आणि तेथें जाऊन झालोंही नाहीं. निजलेलें मूल पुन्हां उठेल, हा त्या आईबापांचा विश्वास मला नाहीं. परंतु तें मूल होतें, आणि तें कोणाचें तरी होतें, याला विश्वासाची जरुरी नाहीं. प्रवासी म्हणून गेलेल्या मनुष्यानें इतकें जरी जाणलें, तरी तो निव्वळ प्रेक्षक राहात नाहीं, असें मला वाटतें.

मीं हात जोडले. पत्नी मागें वळून पाहात उभी होती. त्या मुलाविषयीं माझ्यापाशीं काय पुरावा आहे, असें ती विचारूं शकली असती. पण तिनें विचारलें नाहीं.