नव्याचे नऊ दिवस सरल्यावर

गणपती आठवड्यावर आले होते आणि ह्यूस्टनमधल्या आमच्या मराठी मंडळात नाटकाच्या तालमी जोरात होत्या. त्यातली एक तालीम चुकवून मी बास्केटबॉलचा सामना बघायला गेले. तो दिवस ३० ऑगस्ट १९९७, शनिवार. सोबत नऊ वर्षांची मुलगी होती. ‘द समिट’ या बंदिस्त स्टेडियममध्ये सोळा हजारांवर माणसं जमली होती. महिलांच्या व्यावसायिक बास्केटबॉलची नवी लीग, डब्ल्यूएनबीए, त्या उन्हाळ्यात सुरू झाली होती आणि तिच्या पहिल्या हंगामाचा हा अंतिम सामना होता: ह्यूस्टन कॉमेट्स विरुद्ध न्यूयॉर्क लिबर्टी.

मी नागपूरला कॉलेजच्या संघात होते. आम्हा मुलींना कोर्ट मिळायचं ते भल्या पहाटे. मुलं आली की चेंडू उचलायचा आणि घरी जायचं. या लीगचा हंगाम उन्हाळ्यातच का, हे कळलं तेव्हा मला ते कोर्ट आठवलं. पुरुषांची एनबीए हिवाळ्यात खेळते आणि उन्हाळ्यात तिची स्टेडियमं रिकामी असतात. नवी लीग एनबीएनेच काढलेली, तेव्हा आठ संघांचे प्रत्येकी अठ्ठावीस सामने त्या रिकाम्या वेळात बसवले होते. जागा भव्य होती, दिवे झगझगीत होते. वेळ मात्र पुन्हा उरलेलीच.

तरीही त्या गर्दीत माझा ऊर भरून आला होता. शेजारी पांढऱ्या केसांच्या, शाळेतून निवृत्त झालेल्या एक शिक्षिका बसल्या होत्या. मी भारावून त्यांना म्हणाले, “आपल्या डोळ्यांदेखत पहिल्यांदा घडतंय हे!”

त्या हसल्या. “माझ्या डोळ्यांदेखत दुसऱ्यांदा,” म्हणाल्या.

मग मध्यंतरात त्यांनी सांगितलं. १९७८ मध्येही अमेरिकेत महिलांची एक व्यावसायिक लीग निघाली होती. तिचं पहिलं विजेतेपद, १९७९ सालचं, याच शहराच्या ‘ह्यूस्टन एंजल्स’ने जिंकलं होतं. तेव्हाही टाळ्या झाल्या होत्या, तेव्हाही लोक ‘पहिल्यांदाच’ म्हणाले होते. तीन हंगामांत, १९८१ मध्ये, सगळं आटोपलं. पुढे इतकं विसरलं गेलं की अठरा वर्षांनी त्याच शहरात पुन्हा ‘पहिला’ म्हणता आला. बाईंच्या बोलण्यात कडवटपणा नव्हता. दुष्काळी गावातली माणसं पहिल्या सरीकडे बघतात तशा त्या कोर्टकडे बघत होत्या. आनंद होता, पण पेरणीची घाई नव्हती.

त्या सामन्यात सर्वांच्या नजरा सिंथिया कूपरवर होत्या. ती सहज बचाव फोडून आत घुसायची आणि बास्केट झाली की दोन्ही तळवे वर करून छप्पर उचलल्याचा अभिनय करायची. ह्यूस्टनने तो सामना ६५–५१ असा जिंकला, त्यातले २५ गुण तिचे. हंगामाची सर्वोत्तम खेळाडूही तीच. तिचं वय होतं चौतीस. वर्तमानपत्रांना या वयाचं फार कौतुक वाटलं. मला घरी परतताना हिशेब सुचला. जुनी लीग बंद पडली तेव्हा ही मुलगी अठरा वर्षांची होती आणि कॉलेजात पाऊल ठेवत होती. १९८६ मध्ये कॉलेज संपलं तेव्हा घरच्या देशात तिला खेळायला व्यावसायिक संघच नव्हता. उमेदीची दहा वर्षं स्पेन आणि इटलीत गेली. बंद पडलेल्या लीगची किंमत नुसती बुडालेल्या भांडवलात मोजून चालत नाही. तिच्या तिशीच्या आतला खेळ आम्ही बघितलाच नाही, हाही त्याच खात्यातला तोटा.

‘नव्याचे नऊ दिवस’ असं आपण म्हणतो ते बहुधा टोमणा म्हणून. सुनेच्या कौतुकाला लागू, नव्या साहेबाच्या शिस्तीलाही लागू. पण स्त्रियांच्या उपक्रमांबाबत ही म्हण मला जरा वेगळी ऐकू येते. त्यांना नऊ दिवस मिळतात, दहावा मिळत नाही. मग काही वर्षांनी पुन्हा कुणीतरी नारळ फोडतं आणि पुन्हा नऊ दिवस. सुरुवातीचा सोहळा करायला पुष्कळजण पुढे येतात. तोट्याच्या चौथ्या-पाचव्या वर्षी खुर्चीवर बसून राहणारे थोडे असतात. पुरुषांच्या व्यावसायिक लीगचा इतिहासही काही वेगळा नाही. आज जी एनबीए आहे ती १९४६ मध्ये अकरा संघांनिशी सुरू झाली, आणि त्यातले चार संघ पहिल्या हंगामानंतरच मिटले. फरक एवढाच की त्यावरून कुणी ‘पुरुषांचा खेळ चालत नाही’ असा निष्कर्ष काढला नाही.

आमच्या ह्यूस्टनने पुढची तीन विजेतेपदंही जिंकली. १९९९ चं सर्वांत जड गेलं. संघाची पॉइंट गार्ड किम पेरो, जेमतेम साडेपाच फुटांची, त्या ऑगस्टमध्ये कर्करोगाने गेली, आणि तिच्या नावाचा गजर करत प्रेक्षकांनी ती अंतिम मालिका पाहिली. समोर पुन्हा न्यूयॉर्कच होतं. सलग चार वेळा जिंकलेला तो संघ २००८ च्या अखेरीस मालक मिळेना म्हणून बरखास्त झाला. ‘समिट’चं त्याआधीच चर्च झालं होतं. तिथून गाडीने जाताना मला त्या शिक्षिकाबाई आठवतात. जिंकण्याने टिकता येतं, हा माझा समज त्यांना त्या दिवशीही नव्हता.

आणि हरलेला संघ? न्यूयॉर्क लिबर्टी अंतिम फेरीत १९९७ मध्ये हरला, १९९९ मध्ये हरला, मग २०००, २००२ आणि २०२३ मध्येही. अखेर २०२४ च्या ऑक्टोबरात त्यांनी मिनेसोटाला जादा वेळेत हरवून पहिलं विजेतेपद घेतलं. माझी मुलगी आता ब्रुकलिनला असते; त्या रात्री तिचा फोन आला. सत्तावीस वर्षांपूर्वी याच संघाला हरताना बघून तू टाळ्या पिटल्या होत्यास, याची मी तिला आठवण दिली. तिला तो सामना नीटसा आठवत नव्हता. नाचो खाल्ल्याचं आठवत होतं.

मला आधी थोडं वाईट वाटलं, मग बरं वाटलं. सत्तावीस वर्षं एखाद्या संघाला हरता यावं, प्रेक्षकांना त्याच्यावर चिडता यावं, आणि तरी पुढच्या उन्हाळ्यात तो असेलच असं गृहीत धरता यावं, हे आम्हाला पहाटेच्या त्या कोर्टवर कधी सुचलंही नसतं. परवा ती पुन्हा फोनवर तणतणत होती. रेफरीने शेवटच्या मिनिटाला फाउल दिला नाही म्हणे. दहा मिनिटं मी निमूट ऐकत होते. पहिल्या हंगामाबद्दल तिने चकार शब्द काढला नाही, आणि मीही काढला नाही.