खाल्ल्या मिठाचा प्रश्न

वेतन घेणाऱ्या कलावंतानें धन्याच्या मिठाला जागावें म्हणजे नेमकें काय करावें? जपानी दिग्दर्शक सेइजुन सुझुकी (१९२३–२०१७) यांचें चरित्र वाचतांना हा प्रश्न आमच्या मनांत पुन्हां उभा राहिला.

सुझुकी हे निक्कात्सु नांवाच्या चित्रसंस्थेचे पगारी नोकर. १९५६ पासून १९६७ पर्यंत त्यांनीं तिच्यासाठीं सुमारें चाळीस चित्रपट केले. बहुतेक अल्प खर्चाचे, मुख्य चित्रपटाच्या जोडीला दाखवावयाचे, आणि त्यांतले पुष्कळसे टोळीवाल्यांच्या मारामाऱ्यांचे. कथा संस्था देई, मुदतहि तीच ठरवी. या चौकटींत राहून १९६७ च्या ‘कोरोशी नो राकुइन’मध्यें त्यांनीं असा एक भाडोत्री मारेकरी उभा केला कीं, ज्याला शिजत्या भाताच्या वासाशिवाय चैन पडत नाहीं! (भाताचा एवढा महिमा आमच्या कोंकणांतहि कोणी गायिला नसेल.) हे चित्रपट कोणास समजत नाहींत, असें म्हणून संस्थेचे अध्यक्ष क्यूसाकु होरी यांनीं १९६८ सालीं त्यांना काढून टाकलें.

होरींची बाजू अगदींच पोकळ आहे, असें आम्ही म्हणणार नाहीं. पैसा त्यांचा, आणि मारामारी पाहण्यास आलेला प्रेक्षक कोडें घेऊन परत गेला तर तोटाहि त्यांचाच. सांगितलेला पदार्थ सोडून आचारी भलतेंच रांधूं लागला तर यजमान रागावणारच. पण येथें पदार्थ तोच होता. पिस्तुलें होतीं, टोळ्या होत्या, मुडदे पडत होते. फोडणी तेवढी सुझुकींची!

तरीहि नोकरीवरून काढण्याबद्दल आम्ही होरींना दोष देत नाहीं. दोष पुढेंच आहे. त्याच वर्षीं एका चित्रपट-मंडळानें सुझुकींचे जुने चित्रपट ओळीनें दाखविण्याचें योजिलें, तेव्हां होरींनीं प्रती देण्याचें नाकारलें. नोकर दूर करणें हा धन्याचा अधिकार खरा. परंतु त्याचें झालेलें काम लोकांच्या दृष्टीआड करणें ही केवळ सूडबुद्धि होय. सुझुकींनीं दावा लाविला. १९७१ अखेर तडजोड होऊन दहा लक्ष येन त्यांच्या हातीं पडले खरे. पण ज्यांचें मीठ त्यांनीं खाल्लेंहि नव्हतें, अशा इतर संस्थांनींहि त्यांना दारें लाविलीं. पुढचा चित्रपट पडद्यावर येण्यास १९७७ साल उजाडावें लागलें.

१९८० सालीं ‘त्सिगॉइनरवायझेन’ पुरा झाला, तेव्हां त्याला चित्रगृहें मिळेनात. मग निर्माते गेन्जिरो अरातो यांनीं हवेनें फुगविलेला तंबू उभारून त्यांत तो दाखविला. आणि ‘किनेमा जुन्पो’ या नियतकालिकानें त्या वर्षाचा सर्वोत्कृष्ट जपानी चित्रपट म्हणून त्याचीच निवड केली.