दामदुपटीपलीकडचे घर

महाभारताच्या वनपर्वात यक्ष युधिष्ठिराला विचारतो, सुखी कोण? उत्तरात युधिष्ठिर संपत्तीचे नाव काढत नाही. जेवण साध्या भाजीचे आणि तेही उशिरा मिळणारे असले तरी जो ते स्वतःच्या घरी शिजवतो, ज्याच्या डोक्यावर देणे नाही आणि ज्याला पोटासाठी परमुलखात राहावे लागत नाही, तो सुखी, असे तो सांगतो. स्वतःचे घर आणि ऋणमुक्ती या दोन अटी या उत्तरात शेजारी शेजारी आहेत. घरकर्ज त्यांची फारकत करते. घर आज मिळते, ऋणमुक्ती पंधरा, वीस किंवा तीस वर्षांनी. या विलंबाची खरी किंमत किती, हा हिशेबाचा प्रश्न आहे. ती कोणत्या मापाने मोजायची हा मात्र धर्मविचाराचा प्रश्न आहे आणि मराठी मुलखाला तो नवा नाही.

आधी हिशेब. तीस लाख रुपयांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज आणि वीस वर्षांची मुदत धरली तर मासिक हप्ता सुमारे 26,035 रुपये येतो. 240 हप्त्यांची बेरीज साडेबासष्ट लाखांच्या घरात जाते, म्हणजे व्याजच साडेबत्तीस लाखांच्या आसपास, मुद्दलापेक्षा जास्त. हीच रक्कम पंधरा वर्षांत फेडली तर व्याज मुद्दलाच्या पाऊणपटीहून थोडे अधिक होते. तीस वर्षे लावली तर पावणेदोनपटीच्या पुढे जाते. पण एकूण बेरजेपेक्षा या रकमेची मांडणी अधिक बोलकी आहे. पहिल्या महिन्याच्या हप्त्यातले 21,250 रुपये व्याजाचे असतात आणि मुद्दलात जेमतेम 4,785 जमा होतात. पाच वर्षांत साडेपंधरा लाखांवर रक्कम भरून झाली तरी मुद्दल साडेतीन लाखांच्या आसपासच उतरलेले असते. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. यात फसवणूक कुठेच नाही. शिल्लक रकमेवर व्याज आकारले की गणित असेच येते. मात्र कर्जदाराच्या मनात वर्षे आणि फेड एकाच गतीने पुढे सरकत असतात, आणि गणितात ती तशी सरकत नाहीत.

व्याज मुद्दलाच्या वर जाऊ नये, ही मर्यादा धर्मशास्त्राने फार पूर्वी घातली. मनुस्मृतीने वसिष्ठाच्या नावे सांगितलेला दर महिन्याला ऐंशीवा भाग, म्हणजे शेकडा सव्वा, वर्षाला पंधरा टक्के. कौटिल्यही सव्वा पणाचाच दर धर्म्य मानतो. व्यापारी, अरण्यातून आणि समुद्रावरून जाणारे यांच्यासाठी तो चढत्या दरांना वाव देतो, कारण तिथे जोखीम मोठी. ऐंशीव्या भागाच्या दराने ऐंशी महिन्यांत व्याज मुद्दलाएवढे होते. तिथे थांबायचे, ही दामदुपट. धान्यासारख्या वस्तूंना मर्यादा वेगळी होती. पैसा आणि सोने यांना दुप्पट हीच सीमा. गहाणाबद्दल याज्ञवल्क्य स्मृती आणखी नेमके बोलते. धनकोने नुसते राखून ठेवलेले गहाण, रक्कम दुप्पट झाली आणि सोडवले नाही, तर बुडते. धनको ज्याचा उपभोग घेतो, त्या शेताबागेसारख्या गहाणाला ही मुदत नाही, कारण उत्पन्न व्याजाच्या जागी जातच असते. नजरगहाण आणि ताबेगहाण हे मराठी व्यवहारातले दोन प्रकार याच भेदाचे वंशज म्हणता येतील. आजच्या घरकर्जात ताबा कर्जदाराचा आणि हक्काची कागदपत्रे बँकेच्या तिजोरीत. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने या प्रकाराला जागा दिली आहे.

मग वीस वर्षांचे घरकर्ज दामदुपटीचा भंग करते का? शास्त्राच्या अक्षराप्रमाणे नाही, आणि हेच पाहण्यासारखे आहे. मनूची मर्यादा एकदम घेतलेल्या व्याजाला आहे. याज्ञवल्क्य स्मृतीवर मिताक्षरा ही टीका लिहिणारा विज्ञानेश्वर हे स्पष्ट करतो: व्याज रोजच्या रोज, महिन्याला किंवा वर्षाला थोडे थोडे घेतले, तर एकूण व्याज दुपटीच्या पुढे जायला हरकत नाही. दुसरी पळवाटही तो नोंदवतो. व्यवहार नव्याने केला, किंवा देणे दुसऱ्या माणसाकडे गेले, तर मोजणी पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. मनूनेही व्याज देता न येणाऱ्या ऋणकोला ते नव्या लेखात घालून देणे पुढे चालवायची मुभा दिली आहे. दामदुपट मुख्यतः साचलेल्या व्याजावरचा बांध होती. वाहत्या व्याजावर तिची सत्ता नव्हती, आणि नव्याने लिहिलेल्या कर्जावरही नव्हती. हप्त्याचे कर्ज पहिल्या वाटेने दुप्पट ओलांडते. मुदतवाढ, वाढीव कर्ज आणि एका बँकेतून दुसरीत हलवलेले कर्ज दुसऱ्या वाटेने.

ही दुसरी वाट बारामतीच्या परिसरात इतिहास होऊन गेली आहे. नीरेकाठचे सांगवी हे बारामती तालुक्यातले बागायती गाव, आणि त्याच तालुक्याच्या जिरायती भागात सुपे. 12 मे 1875 रोजी सुप्याच्या बाजारात सावकारांविरुद्ध दंगा उसळला आणि तो पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. दंगेखोरांचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. खते, गहाणखते आणि हुकूमनामे काढून घेऊन जाळणे हा मुख्य उद्देश. पार्श्वभूमी सर्वज्ञात आहे. अमेरिकेतल्या यादवीत चढलेले कापसाचे भाव युद्ध संपताच कोसळले. शेजारचा इंदापूर हा मुंबई इलाख्यातल्या 1836 च्या पहिल्या पाहणी-बंदोबस्ताचा तालुका. तिथली तीस वर्षांची मुदत संपताच नव्या आकारणीने सारा मोठ्या प्रमाणात वाढला, तेव्हाच्या भीमथडी तालुक्यातही तेच झाले. पण कर्ज फुगण्याचे एक यंत्र कायद्यातच होते. 1859 च्या मुदत कायद्याने नोंदणी नसलेल्या खताला तीन वर्षांची मुदत दिली. हेतू ऋणकोचे संरक्षण हा होता. प्रत्यक्षात सावकार दर तीन वर्षांनी थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवे खत करून घेऊ लागला. जुने व्याज नव्या खतात मुद्दल झाले, की दामदुपटीची मोजणी पुन्हा शून्यापासून. विज्ञानेश्वराने नोंदवलेली पळवाट मुलखाच्या गळ्याला लागली ती अशी. 1879 च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने न्यायालयांना खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार दिला. त्या कायद्याचे मोल तिथे आहे: कागदावर लिहिलेले मुद्दल हे खरे मुद्दल असेलच असे त्याने गृहीत धरले नाही.

दामदुपट पुढेही टिकली. मुंबई इलाख्यातल्या न्यायालयांनी ती हिंदू ऋणकोंना लागू केली. 1946 च्या मुंबई सावकारी कायद्यात होती तशी 2014 च्या महाराष्ट्र सावकारी नियमन कायद्यातही व्याज मुद्दलाहून अधिक वसूल होऊ नये, अशी तरतूद आहे. बँका मात्र या कक्षेबाहेर. बँकिंग नियमन कायद्यात 1984 पासून असलेल्या कलम 21अ प्रमाणे, दर जास्त आहे एवढ्या कारणाने न्यायालय बँकेचे व्याज उकरू शकत नाही. गावातल्या सावकाराला दुप्पट ही सीमा आहे, बँकेच्या वीस वर्षांच्या कर्जाला नाही. याला दुटप्पीपणा म्हणणे सोपे आहे, पण ते अपुरे ठरेल. सावकाराचे व्याज साचते, बँकेचे वाहते, आणि हा भेद शास्त्रालाही मान्य होता.

वाहते व्याज साचू लागते तेव्हा हा बचाव लंगडा पडतो. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर 4 वरून 6.5 टक्क्यांवर नेला. त्याआधी 6.7 टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतलेल्या तीस लाखांच्या कर्जाचा हप्ता सुमारे 22,720 रुपये होता. दर 9.2 झाला तर तीस लाखांवर एका महिन्याचे व्याजच 23,000 रुपये. नुकत्याच कर्ज घेतलेल्याने हप्ता तोच ठेवला तर तो जेमतेम व्याजाला पुरेल, किंवा तेवढाही पुरणार नाही. अशा वेळी अनेक ठिकाणी हप्ता तसाच राहिला आणि मुदत वाढत गेली. घरात काही बदलले नाही, फक्त शेवटचा महिना दूर सरकला. ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले, की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला द्यावा आणि मुदत वाढवताना हप्ता व्याजालाही पुरणार नाही अशी अवस्था येऊ देऊ नये. मुद्दलात व्याज मिसळण्याचे ते जुने भय नव्या भाषेत इथे परतले आहे.

सांगवीसारख्या गावात हप्त्याची लय हा आणखी एक पेच. नीरा डाव्या कालव्याने हा पट्टा बागायती केला आणि माळेगावच्या सहकारी साखर कारखान्याच्या परिसरात ऊस हेच मुख्य नगदी पीक. आडसाली ऊस तुटायला सोळा-अठरा महिने लागतात. ऊस नियंत्रण आदेशाप्रमाणे गाळपास गेल्यापासून चौदा दिवसांत पैसे द्यायचे असले तरी पैसा येतो तो हंगामात, आणि विकास सोसायटीचे पीककर्ज त्यातून आधी वळते होते. घरकर्जाचा हप्ता मात्र दर महिन्याच्या ठरलेल्या तारखेला खात्यातून जातो. बारामती एमआयडीसीतल्या पगारदाराला ही लय सोयीची, ऊस उत्पादकाला परकी. सातबाऱ्याच्या इतर हक्कात चढलेला सोसायटीचा बोजा आणि घराचा हप्ता एकाच घरावर असला, की एका देण्याच्या तारखेसाठी दुसरे देणे उचलले जाते. नव्याने लिहिलेले कर्ज ते हेच.

आता मापाचा प्रश्न. मध्ययुगीन ख्रिस्ती धर्मपंडितांचा व्याजावर आक्षेप असा, की सावकार काळ विकतो आणि काळ तर देवाचा. इस्लामने व्याजच निषिद्ध ठरवले. भारतीय धर्मशास्त्राने व्याजाला मान्यता दिली, सीमा घातली, आणि काळाकडे ऋणाच्याच नजरेने पाहिले. तैत्तिरीय संहितेत ब्राह्मण तीन ऋणे घेऊनच जन्मतो: ऋषींचे अध्ययनाने, देवांचे यज्ञाने आणि पितरांचे संततीने फेडायचे. शतपथ ब्राह्मण त्यात मनुष्यऋण मिळवते, जे आतिथ्याने फिटते. यांतले एकही ऋण पैशाने फेडायचे नाही. आयुष्याचे दिवस देऊनच ती फिटतात, आणि देव, पितर व अतिथी यांच्या देण्याचा काळ गृहस्थाश्रमाचा. पस्तिसाव्या वर्षी घेतलेले वीस वर्षांचे कर्ज पंचावन्नाव्या वर्षी संपते, तीस वर्षांचे पासष्टाव्या. म्हणजे ते नेमक्या त्या वर्षांवर हक्क सांगते जी मुलांचे शिक्षण, म्हाताऱ्या आईवडिलांचे दुखणे आणि दारी आलेला माणूस यांच्या वाट्याची आहेत. घरकर्जाच्या किमतीतला मोठा भाग इथे आहे आणि कोणत्याही हप्त्याच्या तक्त्यात तो दिसत नाही. हप्त्याच्या धास्तीने न सोडलेली नोकरी, पुढे ढकललेले शिक्षण, थोरल्या भावाला नाकारलेली मदत यांना व्याजदर नसतो.

दुसरी बाजूही खरी आहे. महागाईमुळे विसाव्या वर्षीचा रुपया पहिल्या वर्षीच्या रुपयाएवढा जड नसतो. पगार वाढला की हप्ता हलका होतो. कर्ज नसते तर भाडे भरावेच लागले असते, आणि भाड्याची पावती घराची मालकी देत नाही. चार्वाकाच्या नावावर कर्ज काढून तूप पिण्याचा सल्ला खपवला जातो, पण घर म्हणजे तूप नव्हे. ते खाऊन संपत नाही. म्हणून कर्ज काढणे अधर्म, असा निष्कर्ष परंपरेतून निघत नाही. निघतो तो मुदतीविषयी. दुप्पट ही सीमा पैशाची होती तशी काळाचीही होती, कारण ठरावीक दराने ती ठरावीक महिन्यांतच गाठली जाई. वर सांगितलेल्या साडेआठ टक्क्यांच्या कर्जात दर वर्षी एक हप्ता जास्त भरला तर मुदत तीन वर्षांहून अधिक घटते. बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने 2012 मध्ये मनाई केली, त्यामुळे ही वाट मोकळी आहे.

ऋण माणसाबरोबर संपते का, हा शेवटचा प्रश्न. अथर्ववेदाच्या सहाव्या कांडातली अनृणाची सूक्ते या लोकी आणि परलोकीही देण्यातून सुटका मागतात. स्मृतींनी बापाचे देणे मुलावर सव्याज, आजोबांचे नातवावर बिनव्याजी ठेवले. मुंबई इलाख्यात 1866 च्या कायद्याने वारसाची जबाबदारी वारशाने आलेल्या मालमत्तेपुरती मर्यादित केली. 2005 च्या हिंदू वारसा दुरुस्तीने, त्यानंतरच्या कर्जापुरते, केवळ पुत्रधर्म म्हणून मुलावर दावा करण्याचा आधार काढून घेतला. गहाण घर मात्र गहाणच राहते, आणि सहकर्जदार म्हणून सही केलेली बायको किंवा मुलगा स्वतःच्या सहीने बांधलेले असतात, पुत्रधर्माने नव्हे. धनकोच्या बाजूचे टोक तुकोबांच्या चरित्रात आहे: दुष्काळाने वाताहत झाल्यावर घराण्याच्या सावकारीतली आपल्या वाट्याची खते त्यांनी इंद्रायणीत बुडवली आणि अर्धी धाकट्या भावासाठी ठेवली, असे परंपरा सांगते. इतरांना मोकळे केले, पण भावाच्या हक्कावर पाणी सोडले नाही. बँकेकडून तशी अपेक्षा कोणी करत नाही. तिचे कर्तव्य कायद्याने ठरते: पूर्ण फेड झाल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत करायची आणि बोजा उतरवायचा; 1 डिसेंबर 2023 पासून, बँकेच्या चुकीने झालेल्या उशिराला दिवसाला पाच हजार रुपये भरपाई द्यावी लागते.