कात्री आणि अमानत

नागपूरच्या सदरमध्ये आम्ही उर्दू माध्यमाच्या मुलांना शिकवतो. बातमी वाचून झाली की विचारतो, यात काय गाळले असेल? माहितीपटाच्या संकलकाचे तर कामच गाळण्याचे. मग प्रामाणिक काटछाट कोणती आणि लबाडी कोणती?

जर्मनीच्या लेनी रिफेनस्टाल यांनी 1934 च्या न्युरेम्बर्ग मेळाव्याचे कित्येक तासांचे चित्रण स्वतः कापून नाझींचा सुमारे दोन तासांचा गौरवपट केला. त्यात विरोधाचा एक सूरही उरला नाही. मुंबईचे आनंद पटवर्धनही आपल्या चित्रपटांचे संकलन स्वतः करतात. तेही तटस्थ नाहीत. आपली बाजू ते लपवीत नाहीत. पण 'राम के नाम' (1992) मध्ये मंदिर आंदोलनाच्या घोषणा आहेत, तसे त्या आंदोलनाला राजकारण म्हणणारे जन्मभूमीचे पुजारी लालदासही आहेत. 1993 मध्ये लालदास यांचा खून झाला. त्यांची साक्ष राहिली.

म्हणजे बाजू घेणे हा गुन्हा नव्हे. सोपी गोष्ट अवघड करणारा साक्षीदार कापणे, ही अमानतीत खयानत. कात्री आपल्याही हाती असते. 1992 ची हकीकत मुलांना सांगताना आपण लालदास यांना किती वेळा ठेवतो?