वळण्याची विद्या

ओझरच्या धावपट्टीवरून उडालेले सुखोई आमच्या शाळेवर येते तेव्हा मी शिकवणे थांबवतो. ‘थांबवतो’ हा शब्द माझ्या अहंकाराचा आहे. त्या आवाजात माझे शिकवणे आपोआपच थांबते. फळ्यावरचा भागाकार अर्धा राहतो, छपराचे पत्रे थरथरतात आणि पोरे मला न विचारता ओट्यावर धावतात. मीही जातो. द्राक्षबागांवरून ते दोन शेपट्यांचे धूड एका कुशीवर कलते, वळते, आणि सारी शाळा ओरडते. त्या ओरडण्यात माझाही आवाज असतो, हे कबूल केले पाहिजे.

गेल्या हिवाळ्यात असेच एक विमान वळून दिसेनासे झाल्यावर चौथीतल्या एका मुलीने मला विचारले, “गुरुजी, त्यात माणूस असतो का?”

मी म्हणालो, “असतो. एक नाही, दोन असतात.”

तिचे समाधान झाले आणि ती पाटीकडे वळली. माझे मात्र झाले नाही. लहान मुलांचे काही प्रश्न असे असतात की उत्तर बरोबर दिले तरी प्रश्न शिल्लक राहतो.

माझा एक जुना विद्यार्थी त्या कारखान्यात फिटर आहे. आमच्या तालुक्यातल्या पुष्कळ घरांची चूल या कारखान्यावर पेटते. एके काळी येथे मिग-२१ बनत असे; ते विमान २६ सप्टेंबर २०२५ रोजी हवाई दलातून निवृत्त झाले. सुखोई-३० एमकेआय मात्र आजही उडते आहे. २००२ साली पुण्याच्या लोहगाव तळावर त्याची पहिली तुकडी उभी राहिली, आणि पुढे ते ओझरलाच जोडले जाऊ लागले. हा विद्यार्थी कारखान्यातले काही बोलत नाही. छापील पुस्तकांत जे आले आहे तेवढेच सांगतो. तेवढेही माझ्यासारख्याला पुरे होते, कारण विज्ञानाशी माझा संबंध शाळेपुरताच.

एका रविवारी माझ्या ओसरीवर बसून त्याने मला वळण्याची विद्या समजावून दिली. विमान पंखांवर तरंगते. पंखांवरून वारा नीट सरकत राहिला पाहिजे. वळायचे तर शेपटीवरच्या आणि पंखांवरच्या झडपा हलवायच्या. त्यांनाही वाराच लागतो. नाव उभी असेल तर सुकाणू कितीही फिरवा, ती वळत नाही. पाणी वाहते असेल तरच सुकाणूला धार येते. तसेच हे. नाक फार वर उचलले की वारा पंखाला सोडून देतो, झडपा लुळ्या पडतात आणि विमान दगडासारखे खाली येऊ लागते. वैमानिक याला स्टॉल म्हणतात. विमानविद्येच्या आरंभापासून ही लक्ष्मणरेषा होती, आणि ती ओलांडू नये हेच प्रत्येक शिकाऊ वैमानिकाला शिकवले जाई.

“आता फवारणीची नळी घ्या,” तो म्हणाला. “जोराने पाणी सोडलं आणि नळी हातातून सुटली की कशी फणा काढते? एंजिनाचा झोत तसाच. त्या झोताचं तोंडच वळवलं, तर वाऱ्याची गरज काय?”

याचेच नाव थ्रस्ट व्हेक्टरिंग. सुखोईच्या दोन एंजिनांची तोंडे पंधरा अंशांपर्यंत वर किंवा खाली वळतात. प्रत्येक तोंड एकाच पातळीत हलते. पण त्या दोन पातळ्या बाहेरच्या बाजूंना ३२ अंशांनी तिरप्या ठेवल्या आहेत. त्यामुळे एक वर आणि एक खाली केले की विमान बाजूलाही वळते. पंख निकामी झाले तरी झोत काम करतो. लक्ष्मणरेषेपलीकडे जाऊनही विमान ताब्यात राहते.

एवढे सांगून त्याने आपला पंजा हवेत सरळ पुढे नेला आणि जाता जाता बोटे आकाशाकडे उभी केली. हात पुढेच सरकत होता, पण बोटे वर पाहत होती. मला त्या क्षणी जे सुचले ते यंत्राविषयीचे नव्हते. तोंड एकीकडे आणि वाट दुसरीकडे, अशा माणसाला आपण ढोंगी म्हणतो. विमानाच्या बाबतीत मात्र ती परमसिद्धी समजली जाते.

या सिद्धीचा ध्यास घेतलेला एक जर्मन विमानतज्ज्ञ होता, वोल्फगांग हर्बस्ट. स्टॉलच्या पलीकडे जाऊन विमानाला जागच्या जागी उलट फिरवता येईल, हे त्याने मांडले. अमेरिका आणि जर्मनी यांनी मिळून त्यासाठी एक्स-३१ नावाचे प्रायोगिक विमान बांधले. त्याच्या झोताभोवती तीन वल्ही बसवली होती. नाकाची दिशा आणि वाटचालीची दिशा यांत सत्तर अंशांचे अंतर पडले तरी ते सावरून राही. २९ एप्रिल १९९३ रोजी त्याने ते वळण घेतले, आणि त्या वळणाला हर्बस्टचेच नाव मिळाले. ते पाहायला हर्बस्ट नव्हता. १९९१ सालीच तो एका विमान अपघातात गेला होता.

पण एवढा खटाटोप कशासाठी? उत्तर सोपे आहे आणि मला ते फार दिवस अस्वस्थ करते आहे. शत्रूला मारण्यासाठी त्याच्याकडे जाण्याची गरज नसते, त्याच्याकडे तोंड झाले की पुरते. हे वळण फुकट मिळत नाही. असे वळणारे विमान आपला सारा वेग घालवून बसते आणि काही क्षण आकाशात टांगलेल्या कंदिलासारखे होते. दुसरा शत्रू जवळ असेल तर त्याला आयते सावज मिळते. ते क्षण विकत घेऊन मिळते काय, तर एक नेम.

हे ध्यानात आल्यावर मी मागचे-पुढचे वाचू लागलो, आणि या विद्येचा इतिहास मला एका उताराच्या रस्त्यासारखा दिसू लागला. प्रथम सारे विमान शत्रूच्या मागे वळवावे लागे. मग नुसते नाक वळले तरी भागू लागले. १९८० च्या दशकात रशियनांनी मिग-२९ च्या वैमानिकाच्या शिरस्त्राणावर असे साधन बसवले की त्याने मान वळवून पाहावे आणि क्षेपणास्त्राने त्या नजरेच्या दिशेने सुटावे. आता विमानही वळायला नको, डोके वळले की झाले. त्या आर-७३ क्षेपणास्त्राच्या शेपटीत झोत वळवणाऱ्या पट्ट्या आहेत. म्हणजे जी विद्या विमानाला शिकवायची होती, ती अस्त्राला शिकवली गेली. आणि आज शंभर किलोमीटरच्या आसपास मारा करणारे आपले ‘अस्त्र’ सुखोईच्या पंखाखाली असते. आमच्या शाळेवरून सोडले तर ते शिर्डी ओलांडून जाईल. तेथे मानही वळवावी लागत नाही. पडद्यावर एक ठिपका असतो.

विद्या अस्त्राकडे गेली याचे कारणही माणूसच आहे. जोरात वळताना माणसाचे वजन वाढते. नऊपटीचे वळण घेतले तर सत्तर किलोचा वैमानिक सहाशे तीस किलोंचा होतो. डोक्यातले रक्त पायांकडे उतरते; आधी रंग जातात, मग दिसणेच जाते, मग शुद्ध जाते. घट्ट पोशाख घाला, श्वास कोंडा, पोट आवळा, पण नवाच्या फार पुढे जाता येत नाही. अस्त्राला रक्त नाही. ते कितीतरी जास्त भार सोसून वळते. म्हणजे वळण्याच्या या विद्येत अडचण कोणती उरली असेल, तर आत बसलेला माणूस. २०२० च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेत एका संगणकाने एफ-१६ च्या अनुभवी वैमानिकाला आभासी झुंजीत पाच वेळा हरवले, पाचही वेळा. समोरासमोर अंगावर येऊन तोफ डागण्याचा जो प्रकार वैमानिक सरावात टाळतात, तो संगणकाने बेधडक केला. त्याला टाळण्याचे कारणच नव्हते.

त्या मुलीच्या प्रश्नाचे उत्तर तिच्या मुलांना वेगळे द्यावे लागेल, हे मला तेव्हा उमगले.

कोणी म्हणेल, मग बिघडले काय? आपला मुलगा घरी राहिला, यंत्र गेले. आईला विचारा, ती हेच मागेल. हे म्हणणे मी हसून सोडणार नाही. पण माणसाला एक वळण येते जे अजून कोणत्याही झोताला आलेले नाही, आणि त्याची एक गोष्ट आहे.

२० डिसेंबर १९४३ रोजी जर्मनीतल्या ब्रेमेन शहरावर बाँब टाकून एक अमेरिकन बी-१७ परत निघाले होते. त्याची चाळण झाली होती. शेपटीकडचा गोलंदाज मेला होता, बाकीचे बहुतेक जखमी. चार्ली ब्राउन हा एकवीस वर्षांचा वैमानिक कसेबसे ते हाकीत होता. फ्रान्झ स्टिगलर नावाचा जर्मन वैमानिक मेसरश्मिट घेऊन त्याच्या मागे गेला. नेम साधण्याइतका जवळ आला, तरी शेपटीतली बंदूक हलेना. म्हणून तो आणखी जवळ गेला, बाजूने गेला, आणि विमानाच्या भगदाडांतून त्याला आतली माणसे दिसली. एकमेकांच्या जखमा बांधणारी. त्याने गोळी झाडली नाही. समुद्रापर्यंत तो त्यांच्या पंखाला पंख लावून उडाला, एक सलाम केला, आणि आपले विमान वळवून परत गेला. कळते तर त्याला लष्करी न्यायालयापुढे उभे राहावे लागले असते. त्याने कोणाला सांगितले नाही. पुढे १९९० साली ते दोघे भेटले, मित्र झाले, आणि दोघेही २००८ साली वारले.

त्या दिवशी त्याने घेतलेले वळण फार मंद होते. साध्या झडपांनी घेतलेले.

ही गोष्ट मी प्रथम वाचली तेव्हा माझे डोळे भरून आले, आणि आठवडाभराने माझी मलाच शंका आली. त्या विमानाने त्याच सकाळी ब्रेमेनवर बाँब टाकले होते. खाली ज्या कोणाचे घर पडले, त्याला स्टिगलरच्या या दयेविषयी काय वाटले असते? उद्या कोणी ओझरवर बाँब टाकून परत निघाला, आणि आपल्या वैमानिकाने त्याला सीमेपर्यंत सोबत केली, तर मी त्या वैमानिकावर लेख लिहीन का? माझ्या शाळेचे पत्रे त्या धावपट्टीपासून लांब नाहीत. खरे सांगतो, मला ते वळण नको असेल. मी त्याला देशद्रोही म्हणेन, आणि माझ्या बाजूने पुष्कळ लोक असतील.

शिवाय पाहिल्याने मारणे थांबते, असेही इतिहास सांगत नाही. तलवारीच्या अंतरावर माणसांनी माणसे कापलीच आहेत. अर्जुनाने रथ दोन्ही सैन्यांच्या मध्ये न्यायला सांगितला तो पाहण्यासाठीच. कृष्णाने रथ नेला, अर्जुनाने पाहिले, त्याच्या हातून धनुष्य गळले. आणि शेवटी त्याने ते उचललेच. अठरा अक्षौहिणी संपल्या. पाहण्याने युद्ध टळले नाही. पण रथ तेथे नेलाच नसता, धृतराष्ट्राच्या महालासमोर उभ्या असलेल्या एखाद्या पडद्यावर ठिपके पाहूनच सारे उरकले असते, तर अर्जुनाने विचारलेच नसते. उत्तर पटो न पटो. मला त्या विचारण्याची काळजी वाटते. स्टिगलर चुकला असेल, अर्जुनाचे आधी चुकले असेल किंवा नंतर. पण चुकायला तेथे कोणीतरी होते.

हे सारे मी त्या फिटर विद्यार्थ्याला सांगितले. मास्तरकीची खोड जात नाही. तो शांतपणे ऐकत होता. मग म्हणाला, “गुरुजी, माझ्या हातात टॉर्कचा पान्हा असतो. नटाला किती पीळ द्यायचा, एवढंच मी बघतो. कमी झाला तर आपलाच वैमानिक मरेल. पुढचं मी बघत नाही.”

मला क्षणभर राग आला. वाटले, हाही मान वळवायला तयार नाही. मग त्याच्या वाक्याचा मधला भाग माझ्या ध्यानात राहिला. कोणाकडे तोंड करून तो नट पिळतो, हे त्याने सांगितलेच होते; ऐकले मी नव्हते. आणि मी तरी काय करतो? ओट्यावर उभा राहून पोरांबरोबर ओरडतो. त्या सुंदर वळणाचे टोक कोणाकडे रोखलेले असते, हे मला कोणत्या दिवशी आठवले होते?

विमाने येतातच. परवा एक बरेच खालून गेले. भागाकार पुन्हा अर्धा राहिला. ती मुलगी आता पाचवीत आहे. ती ओरडत नाही; कठड्याशी उभी राहून हात हलवते. विमान वळून गेल्यावर तिने विचारले, “गुरुजी, त्यांना दिसलं असेल का?”

मी म्हणालो, “एवढ्या खालून गेले, म्हणजे शाळेचे पत्रे तरी दिसले असतील.”

“आणि मी?”

मी तिला आत जाऊन बसायला सांगितले.